खांबाखालचा दिवा

१२ जानेवारी, रविवार

तेव्हा मी मेथी निवडत होते. नळाला पाणी आलं होतं, गॅसवर दूध होतं, आणि हे पायरीवर बसून सायकलच्या चेनला तेल घालत होते. "अजून एक चहा टाक गं," म्हणाले. मी म्हटलं, "पाणी भरून होऊ दे." पाणी भरलं, दूध उतरवलं, मेथीच्या काड्या शेजारच्या शेळीसाठी सुपात काढून ठेवल्या, मग चहा टाकला. बाहेर नेला तर हे भिंतीला टेकलेले, तेलाची बुदली हातात. तेल सांडलं नव्हतं. त्या चहाचं मी पुढे काय केलं, ते आठवत नाही.

ही ऑगस्टमधली गोष्ट, कोरेगावच्या घरची. आज इथे जर्मनीत विभाच्या ओट्याशी पालक निवडताना आठवली. इथला पालक पिशवीत निवडलेलाच येतो. तरी मी निवडते.

विभा माझी एकुलती. ड्रेस्डेनला इंजिनिअरिंगचं पुढचं शिकायला आली, तिथेच कॉम्प्युटरच्या चिपांच्या कारखान्यात लागली, इथली नागरिक झाली. ती आणि जावई सत्यजितराव आता ड्रेस्डेनपासून तासभर लांब ओबरवाल्डा नावाच्या गावात राहतात. हे गेल्यावर तिने मला तीन महिन्यांच्या व्हिसावर आणलं. मी आले त्याच सुमाराला इथे मुदतीआधीच निवडणूक लागली आणि विभा उभी राहिली. आपली लोकसभा तशी यांची बुंडेस्टाग. मतदारसंघ म्हणजे शेतं, जंगल आणि विखुरलेली गावं. तिचा पक्ष या भागात लहान आहे. निवडून येणार नाही हे तिलाही माहीत आहे.

"मग कशाला?" मी विचारलं.

"संध्याकाळी सहानंतर या गावांना बस नाही, आई. कुणीतरी बोलायला पाहिजे ना."

एस.टी.साठी लोकसभा. 

१८ जानेवारी, शनिवार

पोस्टर लावायला सुरुवात झाली. विभाच्या पक्षाचे यॉर्ग म्हणून एक निवृत्त मास्तर आहेत. त्यांच्या गाडीला मागे ट्रॉली, ट्रॉलीत शिडी आणि पुठ्ठ्याची पोस्टरं. प्रत्येक दिव्याच्या खांबाला उंचावर बांधायची, प्लॅस्टिकच्या पट्टीने, म्हणजे कुणाचा हात पोचू नये. मी पट्ट्या हातात देत होते. तरी दुपारपर्यंत दोन फाटली.

फोटोत विभा ह्यांच्यासारखी दिसते. जिवणी तीच. गावातून चालताना खांबाखांबावर हे हसताहेत असं वाटतं. मी खाली बघून चालते.

हे एकदा ग्रामपंचायतीला उभे होते. चिन्ह कपबशी. पडले. पुढे कितीतरी वर्षं साखर कारखान्यातले सोबती हाक मारायचे, "काय कपबशी, चहा कधी?" तेव्हा प्रचाराला निघताना रोज मी ह्यांना ओवाळायची. गल्लीगल्लीत बायका तबक घेऊन दारात उभ्या असायच्या. इथे लोक दार उघडतात, कागद घेतात, दार लावतात. विभाला कुणी ओवाळलं नाही. मी आता ओवाळायला पुढे होत नाही. तिला सांगितलं तर चिडेल, म्हणेल हे कसले जुने नियम. नियम कसले ते मलाही सांगता येणार नाही. हात उचलत नाही, एवढंच.

२७ जानेवारी, सोमवार

दिवेलागणीला पाव आणायला गेले. इथे दिवेलागण साडेचार-पाचलाच होते. बसथांब्याजवळच्या खांबाखाली, बरोबर विभाच्या फोटोखाली, एक दिवा होता. लाल प्लॅस्टिकचा उभा डबा, वर सोनेरी झाकण, झाकणावर बारीक क्रूस, आत मेणबत्ती. वारा होता तरी विझत नव्हता.

कुणीतरी मुद्दाम ठेवला होता. चर्चमधलं एखादं म्हातारं माणूस असेल. त्याला बसचं पटलं असेल. मी थोडा वेळ उभी राहिले. बरं वाटलं. बऱ्याच दिवसांनी काहीतरी वाटलं.

घरी सांगितलं नाही. असं बोलून दाखवू नये, दृष्ट लागते.

३० जानेवारी, गुरुवार

खांबाखालचा दिवा संपला. डबा रिकामा, काजळलेला. कुणी दुसरा ठेवला नाही.

दुकानात तसेच मिळाले, चारांचं पाकीट. मेणबत्त्यांच्या फळीवर नव्हते, कुंड्यांच्या मातीशेजारी होते. मी सातवीपर्यंत शिकले, पुढचं सगळं वाचनालयाच्या पुस्तकांनी शिकवलं, म्हणून अक्षर दिसलं की लावून बघायची सवय आहे. फळीवरच्या नावाचा शेवटचा अर्धा भाग कळला. 'लिश्ट' म्हणजे उजेड. खोलीतला दिवा चालू राहिला की विभा ओरडते ना. पहिला अर्धा कळला नाही.

संध्याकाळी एक बसथांब्यापाशी लावला, एक अग्निशामक बंबाच्या शेडजवळच्या खांबाखाली. तिथेही तिचं पोस्टर आहे. हात जोडले. ओवाळता येत नाही, दिवा तर लावता येतो. एक गाडी जवळून जाताना हळू झाली आणि गेली.

४ फेब्रुवारी, मंगळवार

माझा दिवा पेपरात आला. गावचा खांब, वर विभा, खाली दिवा, चांगला रंगीत फोटो. मजकूर कळला नाही, आमचं आडनाव तेवढं ओळखलं, जगदाळे. कुणाला आवडल्याशिवाय का छापतील? विभाने पेपर रद्दीच्या निळ्या डब्यात टाकला होता. मी फोटो कापून पोथीत ठेवला.

दुपारी दोन माणसं आली, एक बाई आणि एक पुरुष. ओळखपत्र दाखवून बसली. विभाने कॉफी दिली ती त्यांनी घेतली नाही. बरंच विचारलं, लिहून घेतलं, मग बाहेर जाऊन दाराचा आणि टपालपेटीचा फोटो काढला. निवडणूक कचेरीतली असतील. ती गेल्यावर सत्यजितरावांनी टपालपेटीवरची नावाची पट्टी खरवडून काढली.

"टपाल कसं येणार?" मी विचारलं.

"पोस्टमन ओळखतो, आई."

९ फेब्रुवारी, रविवार

विभाला सकाळी उलटी झाली. कालही झाली होती. खात नाही, झोपत नाही. स्वयंपाकघरात दोघं हळू बोलत होती. मी आल्यावर गप्प झाली. त्याआधी एवढं ऐकलं, "आईला काही सांगू नकोस, ती आधीच..." पुढचं भांड्याच्या आवाजात गेलं.

मला जे वाटलं ते मी लिहीत नाही. तीन महिने भरेपर्यंत सांगत नाहीत, ते बरोबरच आहे. तिचं वय झालं आहे, पण हल्ली होतं. हे असते तर आतापर्यंत गावभर केलं असतं.

सत्यजितराव म्हणाले, "आई, काही दिवस एकट्या बाहेर जाऊ नका."

"का?"

"निसरडं आहे."

लगेच सगळ्या खिडक्यांच्या झडपा खाली ओढल्या. भर दुपारी घरात दिवे लावावे लागले.

११ फेब्रुवारी, मंगळवार

लांब जायचं नाही म्हणाले म्हणून दिवा घरासमोरच्याच खांबाखाली लावला. तिथे पोस्टर आहेच. या वेळी दोघांसाठी मागितलं, विभासाठी आणि जे काही असेल त्याच्यासाठी.

सातच्या सुमारास विभाने झडपेच्या फटीतून बाहेर बघितलं. मला वाटलं, हसेल. ती तिथेच भिंतीला धरून जमिनीवर बसली. सत्यजितराव चप्पल न घालता धावत बाहेर गेले आणि दिव्याला लाथ मारली. डबा रस्त्याच्या पलीकडे गेला.

दिव्याला लाथ मारली. जावई आहेत. पण मनात राहिलं. विचारणार होते, विभाचं तोंड बघून विचारलं नाही.

नंतर ती यॉर्गशी फोनवर बोलली. फोन ठेवून मला म्हणाली, "एकवीस तारखेला गावच्या हॉलमध्ये सगळ्या उमेदवारांची सभा आहे ना, मी जात नाहीये. प्रचार बास झाला."

"बरं," मी म्हटलं. अशा दिवसांत जपलेलंच बरं.

१६ फेब्रुवारी, रविवार

शेजारच्या फ्राऊ क्लेम यांनी आज मला बरोबर नेलं. त्याही एकट्या. त्यांचे यजमान चार-पाच वर्षांपूर्वी गेले. विभाला त्या मत देणार नाहीत. तसं त्यांनी तिला तोंडावर सांगितलं आहे, आणि त्याच दिवशी केक आणून दिला. मला जर्मन येत नाही, त्यांना दुसरं काही येत नाही. आम्ही 'या, या' म्हणत चालतो, म्हणजे हो, हो.

मला वाटलं बाजारात चाललोय. चर्चच्या मागे गेलो. फाटकातून आत दफनभूमी. बर्फ पडलेलं. आणि त्या पांढऱ्यावर सगळीकडे लाल दिवे. तेच. उभा डबा, सोनेरी झाकण, बारीक क्रूस. प्रत्येक थडग्यावर एक, काहींवर दोन.

फ्राऊ क्लेम यांनी पिशवीतून तसाच एक काढला, यजमानांच्या दगडापाशी वाकून लावला, आणि माझ्याकडे बघून दगडावर हात ठेवला. "ग्राब," म्हणाल्या. थडगं. फळीवरच्या नावाचा तो पहिला अर्धा.

मी उभी राहिले. ओरडावं, रडावं असं काही झालं नाही. पाय गार पडले होते तेवढं कळत होतं. हे गेले त्या जागी पायरीवर आम्हीही दिवा ठेवला होता. तेराव्यापर्यंत मी तो विझू दिला नाही, रात्री उठून तेल घालत होते. मला माहीत नव्हतं असं कसं म्हणू? दिवा कशाकशासाठी लावतात हे मला माहीत होतं. फोटोखालचा आणि पायरीवरचा मी एकत्र आणला नाही, एवढंच.

फ्राऊ क्लेम यांना वाटलं मला ह्यांची आठवण आली. त्यांनी माझा हात धरला. मी धरू दिला.

घरी आल्यावर विभा सोफ्यावर पडली होती. मी कोट न काढता म्हटलं, "ते दिवे मी लावले."

"कुठले?"

"लाल. तुझ्या फोटोखालचे. घरासमोरचा पण."

ती उठून बसली. "सगळे?"

"पहिला नाही. पहिला कुणी लावला माहीत नाही. तो बघून मी लावले."

सत्यजितराव दारात उभे होते. "आई, तो थडग्यावरचा दिवा असतो! जिवंत माणसाच्या फोटोखाली ठेवला तर त्याचा अर्थ काय होतो..."

"आज कळला."

"पोलीस आले होते घरी! ही झोपलेली नाही, मी ऑफिसला गेलो तरी दर तासाला फोन..."

"सत्या, थांब." विभा माझ्याकडे बघत होती. "का लावलेस?"

"ओवाळता येत नाही म्हणून."

मी कोट काढून खुंटीला लावला. मग मीच म्हटलं, "आणि मला वाटलं तुला दिवस गेलेत."

"आई!"

तिने तोंडावर उशी धरली. त्यात ती हसत होती की रडत होती, मला ओळखता आलं नाही. पूर्वी ओळखायची.

१७ फेब्रुवारी, सोमवार

विभाने सकाळीच पोलिसांना फोन करून सांगितलं. त्यांनी मला काही विचारलं नाही. त्या दिवशी घरी आलेल्या बाईने फक्त सांगितलं, पहिल्या दिव्याचा तपास चालू राहील.

संध्याकाळी यॉर्ग आले. टेबलाशी बसून त्यांचं आणि विभाचं चाललं होतं. मधे मधे विभा मला मराठीत सांगत होती.

"ते म्हणताहेत, रविवारी मतदान होऊ दे, मग सांगू. आत्ता सगळीकडून पाठिंबा येतोय. बर्लिनहून पक्षाने निषेधाचं पत्रक काढलंय. दुसऱ्या पक्षाच्या लोकांनीसुद्धा फोन केलेत."

"तुला काय वाटतं?"

"दिवे चार, त्यातला एकच खरा धमकीचा, आई. बाकीच्या तिन्हींवर मी लोकांची माया घेतेय. शुक्रवारी हॉलमध्ये जाऊन सगळं सांगते."

यॉर्ग यांनी हात वर केले. "आल्झो," म्हणाले आणि लांबलचक काहीतरी बोलले.

"काय म्हणतात?"

"लोक हसतील म्हणतात. पुढची वीस वर्षं या गावात मी म्हणजे आईच्या दिव्याची बाई."

"तुझे बाबा कपबशी होते," मी म्हटलं.

विभाने ते यॉर्गना जर्मनमध्ये सांगितलं. समजावून द्यायला तिला वेळ लागला. मास्तर हसले नाहीत. चष्मा काढून पुसला आणि म्हणाले, "गूट." गूट मला कळतं, म्हणजे चांगलं.

सत्यजितराव आत निघून गेले. जाताना म्हणाले, "पहिला ज्याने लावला तो पण हॉलमध्ये असेल, एवढं लक्षात ठेव."  

२१ फेब्रुवारी, शुक्रवार

सभेला निघताना विभा जाकीट घालून माझ्यासमोर येऊन उभी राहिली.

"ओवाळ."

"मी नको. फ्राऊ क्लेमना बोलाव."

"त्या पण विधवाच आहेत, आई. आणि त्या मला मत देत नाहीयेत."

"विभा..."

"पाकिटातला एक लाल उरलाय ना तुझ्याकडे? त्याने नको फक्त."

मी निरांजन काढलं. स्टीलच्या ताटलीत तांदूळ, सुपारी, माझी अंगठी. हात उचलला. जड लागला नाही, हलकाही लागला नाही. ताटली होती, ती फिरवली. सत्यजितरावांनी फोटो काढला नाही हे बरं केलं. नंतर त्यांनी माझे बूट आणून पायाशी ठेवले, म्हणाले, "चला आई, तुम्हीही. निसरडं नाही आज."

हॉल म्हणजे खाणावळीच्या मागची मोठी खोली, बिअरचा आणि ओल्या कोटांचा वास. स्टेजवर सहा उमेदवार. विभा बोलायला उठली तेव्हा मला 'बूस' कळलं, म्हणजे बस. पुढे 'माइने मुटर' आलं, माझी आई. तेव्हा सगळ्या माना माझ्याकडे वळल्या. मी समोर बघत बसले. इतक्या माणसांत तो एक कुठला असेल, असं मनात आलं. सगळे सारखेच दिसत होते, थंडीने लाल झालेले.

मागून एक माणूस उठला आणि काहीतरी बोलला. खोली हसली. विभाही हसली, "या, गेनाऊ," म्हणून तिने उत्तर दिलं, आणि खोली पुन्हा हसली. दुसऱ्यांदा हसली ते वेगळं होतं. काय वेगळं ते सांगता येत नाही, पण कारखान्यातले लोक ह्यांना 'कपबशी' म्हणायचे तेव्हा तसं हसायचे.

गाडीत विचारलं. विभा म्हणाली, "तो म्हणाला, आधी आईला जर्मन शिकवा, मग आम्हाला राज्य करायला शिकवा. मी म्हटलं, अगदी बरोबर. ती मार्चमध्ये परत चाललीय, आणि तोवर शिकवायला कुणी यायचं तर ड्रेस्डेनहून संध्याकाळी बस नाही."

"आणि पहिल्या दिव्याचं काय सांगितलंस?"

"म्हटलं, एक माझ्या आईचा नव्हता. ज्याचा होता त्याने ऐकावं, मी उद्याही याच रस्त्याने पाव आणायला जाणार."

तिचे हात मांडीवर होते.  मी त्यांच्यावर हात ठेवला.

२३ फेब्रुवारी, रविवार

विभा पडली. सहा जणांत पाचवी.

सत्यजितरावांनी खिचडी केली. बरी झाली होती, मीठ कमी.

२४ फेब्रुवारी, सोमवार

पोस्टरं आपापली उतरवून न्यायची असतात. यॉर्ग शिडीवर, विभा ट्रॉलीपाशी, मी खाली पक्कड घेऊन. बर्फ वितळून चिखल झाला आहे. एक एक विभा ट्रॉलीत पालथी घातली. काही लोक थांबून यॉर्गशी बोलले. पावाच्या दुकानातल्या बाईने मला बघून बोटांनी पेटत्या काडीची खूण केली आणि हसली. मीही मान हलवली.

शेवटचा बसथांब्याजवळचा खांब. खाली लाल दिवा. नवा, पेटलेला.

यॉर्ग शिडीवरून उतरले आणि विभाकडे बघू लागले. विभाने माझ्याकडे बघितलं.

"मी नाही," मी म्हटलं.

"माहीत आहे."

यॉर्गनी पोलिसांसाठी फोन काढला. विभा म्हणाली, "नको." ज्याने पहिला लावला त्याचाच असेल, किंवा हॉलमध्ये ऐकून कुणी बरं मनात आणून ठेवला असेल. दोन्हींचा डबा एकच असतो. पोस्टर काढलं. दिवा तसाच ठेवून आम्ही घरी आलो.

२५ फेब्रुवारी, मंगळवार

विभा कारखान्यात गेली, पुन्हा कामावर. मी एकटीच बाहेर पडले.

खांब मोकळा होता, दिवा अजून जळत होता. मी तो उचलला. हाताला कोमट लागला. चर्चच्या मागे दफनभूमीत नेला. सगळ्या थडग्यांवर दिवे होते. भिंतीकडच्या एका जुन्या थडग्यावर नव्हता. दगडावरच्या नावावर शेवाळ आलं होतं, वाचता आलं नाही. त्यावर ठेवला. येताना पालक घेतला, आणि घरी येऊन निवडला.